दादाचं चाक आणि कोमट पाणी

रविवार, १४ सप्टेंबर

गेल्या मंगळवारी सकाळी मी जे केलं ते आज लिहून ठेवतो. पाच दिवस ते मनात घेऊन हिंडतो आहे. देवापुढे हात जोडले की आधी तेच आठवतं. आमच्या गावच्या शाळेतले मास्तर म्हणायचे, जे तोंडातून निघत नाही ते वहीत उतरवावं. शाळा सुटली तरी वहीची सवय राहिली.

मंगळवारी कामावर जाण्याआधी दादाकडे गेलो होतो. हिने त्याच्या गोळ्या पाठवल्या होत्या. दादा म्हणजे माझा थोरला भाऊ, दोन गल्ल्या पलीकडे एकटाच राहतो. वहिनी जाऊन दीड वर्ष झालं. जन्मभर त्याने लोखंड ओतायच्या कारखान्यात, ओतशाळेत, लाकडी साचे केले, आता घरी आहे. एरवी मी पंधरा दिवसांतून एखाद्या रविवारी त्याच्याकडे डोकावायचो. कामाच्या दिवशी सकाळी त्याच्या दारात मी कधी गेल्याचं आठवत नाही.

दादा झोपला होता. मागच्या खोलीत त्याचं चाक थांबलेलं होतं.

हे चाक त्याने वर्षभर खपून केलं. माणसाच्या उंचीचं आहे. कडेला तांब्याचे आठ बंद डबे, समोरासमोरचे दोन-दोन डबे नळीने जोडलेले. आत फ्रीजमध्ये असतो तो गॅस, तो मीच भरून दिला. खाली पाण्याची टाकी. खालचा डबा पाण्यात बुडाला की आतला गॅस उबेने फुगतो आणि तळाच्या पाण्यासारख्या पातळ गॅसला नळीतून वरच्या डब्यात ढकलतो. वरचा डबा जड झाला की खाली येतो, चाक थोडं फिरतं, मग पुढच्या डब्याची पाळी. दोन मिनिटांत एक फेरी. प्रत्येक फेरीला फेऱ्या मोजणारं एक जुनं यंत्र ‘टक’ करतं.

पहिल्या दिवशी, म्हणजे सात तारखेला, दादाने टाकीत कढत पाणी भरलं. ‘‘हे फक्त सुरुवातीला,’’ तो म्हणाला. ‘‘पुढे पाणी खोलीतली ऊब आपोआप ओढून घेईल. जगात उबेला काय तोटा आहे, बारक्या? कोळसा नको, तेल नको, वीज नको.’’ मी एकोणपन्नास वर्षांचा आहे, पण त्याला अजून बारक्याच.

मला माहीत होतं, पाणी खोलीइतकं गार झालं की चाक थांबणार. माझा धंदाच तो. औषधांच्या गोदामातल्या शीतखोलीची यंत्रं मी सांभाळतो. पण त्या दिवशी दादा हसला होता, दीड वर्षात पहिल्यांदा. मी म्हटलं, ‘‘बघू या.’’

टाकीला त्याने दुहेरी भिंती केल्या होत्या आणि मधे लाकडाचा भुसा भरला होता. हात चांगला आहे त्याचा. म्हणून तर पाणी दोन दिवस टिकलं. मंगळवारी हात घातला तर साधं, मेलेलं पाणी.

तर मी काय केलं, शेगडीवर पाच लिटरची मोठी किटली चढवली, टाकीच्या तोटीतून तितकंच गार पाणी सोडलं आणि उकळतं पाणी ओतलं. मग आणखी एक किटली. थोड्या वेळाने ‘टक’ असा आवाज आला.

दादा बाहेर आला तेव्हा मी गोळ्या हातात घेऊन उभा होतो.

‘‘फिरतंय की रे!’’ तो म्हणाला. टाकीच्या झाकणावर तळवा ठेवून तो जरा वेळ उभा राहिला. ‘‘तू केव्हा आलास?’’

‘‘आत्ताच.’’

‘‘हं,’’ दादा म्हणाला. ‘‘तिसरा दिवस.’’

दुसऱ्या दिवशी मला पुन्हा जावं लागलं. एकदा ओतलं की रोज ओतणं आलं.


रविवार, २१ सप्टेंबर

आता हे रोजचं झालं. पाचला उठायचं, अंघोळ करून देवाचं नाव घ्यायचं आणि दादाकडे जायचं. किल्ली माझ्याकडे आहेच. दोन किटल्या सकाळी आणि कामावरून परतताना तो बाहेर बाकावर बसलेला असतो तेव्हा आणखी एक. रात्री चाक थांबतच असणार, पण गोळ्यांनी त्याला गाढ झोप लागते. मी ओतून होईपर्यंत तो आत खोकत असतो. चाक फिरू लागलं की मग उठून बाहेर येतो.

एक बरं आहे, किटली भरलेलीच असते. नळाला पहाटे धार बारीक असते, भरायला दहा मिनिटं गेली असती. दादाला अलीकडे तहान फार लागत असावी.

त्याच्यासाठी चहा टाकतो. दोघं चाकासमोर बसून पितो. फार बोलत नाही. काल म्हणाला, ‘‘तुला आठवतं, मी तुला सायकलवरून शाळेत सोडायचो?’’ आठवतं तर. गावापासून मोठी शाळा दोन कोस होती. त्याचं शिक्षण सुटलं होतं. मला सोडून तो ओतशाळेत जायचा. दोन वर्षं त्याने मला पुढच्या नळीवर बसवून ओढलं.

मुलीचं शाळेचं विज्ञानाचं पुस्तक माळ्यावरून काढलंय. दादाला कधी ना कधी सांगावं लागेल, तर नीट शब्दांत सांगावं. मला हाताने कळतं, तोंडाने सांगता येत नाही. पुस्तकात पहिला नियम असा आहे की ऊर्जा नव्याने तयार करता येत नाही आणि नाहीशीही होत नाही, फक्त रूप पालटते. म्हणजे चाक जेवढं फिरेल तेवढं कुणीतरी कुठेतरी देत असतं. इथे शेगडी देते आणि थोडं माझा खांदा.

मग दादाने सायकलवर काढलेले ते कष्ट कुठे गेले? पुस्तकाच्या हिशेबाने ते आहेतच. टायर तापले, रस्ता तापला, त्याचा श्वास तापला आणि ती ऊब वाऱ्यावर पसरली. हरवलं काहीच नाही, पण आता कुणी ते गोळा करून आणू शकणार नाही. हे वाचून मी पुस्तक मिटलं.


सोमवार, २९ सप्टेंबर

आज गोदामात गंमत झाली. कचेरीतल्या हेडक्लार्कबाईंचा पंखा बिघडला. बाईंनी लहान फ्रीजचं दार सताड उघडं ठेवून खोली बंद करून घेतली. दुपारी मला बोलावणं आलं.

‘‘मिस्त्री, तुमचा फ्रीज नाटकी आहे. तीन तास झाले, खोली गार व्हायचं नाव नाही.’’

‘‘होणार नाही, बाई. उलट तापेल.’’

‘‘थट्टा करता का माझी? हात लावून बघा, गार हवा येतेय.’’

‘‘पुढून गार येतेय, मागच्या जाळीतून गरम जातेय. आणि मागून जास्त जातेय.’’

‘‘जास्त का म्हणून?’’

‘‘मोटारीचे कष्ट त्यात मिसळतात ना.’’

बाईंनी चष्मा काढला. ‘‘म्हणजे फ्रीज गारवा तयार करत नाही?’’

‘‘गारवा असा माल नसतोच, बाई. आतली ऊब उचलायची आणि बाहेर टाकायची. हमाली आहे.’’

‘‘मग तीस वर्षं तुम्ही हमालीच करताय म्हणा की!’’

‘‘अठ्ठावीस,’’ मी म्हटलं. सगळी कचेरी हसली. मीही हसलो.

परत येताना मात्र तेच डोक्यात घोळत राहिलं. दुसरा नियम तो हाच. ऊब आपणहून गरमाकडून गाराकडे जाते. गाराकडून गरमाकडे तिला न्यायचं तर कुणीतरी राबावं लागतं आणि त्या राबण्यातही काही वाया जातंच. दादा म्हणतो तशी खोलीत ऊब भरपूर आहे, हे खरं. पण डबक्यात पाणी कितीही असलं तरी त्याच्यावर पाणचक्की फिरत नाही. उतार लागतो. एकीकडे गरम, एकीकडे गार, हा उबेचा उतार. दोन्हीकडे सारखं झालं की ऊब असूनही नसल्यासारखी. मग काहीच घडत नाही.

डबक्याचं उदाहरण दादाला पटेल. सोपं आहे. पण सांगणार कोण?


रविवार, ५ ऑक्टोबर

वाफेने मनगट भाजलं. हिने मलम लावता लावता विचारलं, तेव्हा सगळं सांगून टाकलं.

हिने मलमाचं बोट पदराला पुसलं. मग म्हणाली, ‘‘खरं बोलणारा माणूस सातला उठतो. तुम्हाला खोट्यासाठी पाचला उठावं लागतंय.’’

‘‘त्याला आनंद होतो ग.’’

‘‘चाकाचा?’’

‘‘मग कशाचा?’’

‘‘मला काय ठाऊक,’’ म्हणाली आणि मलमाची डबी जोरात बंद केली.

आज दादाने मला त्याची वही दाखवली. रोजच्या फेऱ्या लिहायला दोन रकाने आखलेत, सकाळ आणि संध्याकाळ. रात्रभर चाक फिरलं तर संध्याकाळ ते सकाळ तीन-साडेतीनशे फेऱ्या व्हायला हव्यात. साचे करणारा माणूस, केसाएवढा फरक त्याच्या डोळ्याला दिसतो. दोन आकड्यांची वजाबाकी केली असती तरी माझं बिंग फुटलं असतं.

पण सकाळचा रकाना रिकामाच आहे. पहिले चार दिवस भरलाय, मग सगळा कोरा. देवानेच वाचवलं. सकाळी त्याला चष्मा सापडत नसावा.

‘‘तू गॅसवाला माणूस,’’ तो एकदम म्हणाला. ‘‘तुला काय वाटतं या चाकाबद्दल?’’

मी चाकाकडेच बघत राहिलो. ‘‘फिरतंय ना?’’

‘‘फिरतंय.’’

‘‘मग झालं तर.’’

तो माझ्याकडे बघून हसला. मला मान वर करवेना.


सोमवार, १३ ऑक्टोबर

आज दादाला दवाखान्यात नेलं. गेले दोन महिने त्याला धाप लागते. गल्लीच्या टोकापर्यंत जाऊन आला की बाक गाठतो. तपासण्या झाल्या होत्या, आज डॉक्टरीणबाईंनी निकाल सांगितला.

‘‘काका, तुमच्या हृदयातली एक झडप कडक झालीय. लाकडाचं दार फुगलं की अर्धंच उघडतं ना, तसं. रक्त बाहेर पडायला वाट नाही.’’

‘‘मग रंधा मारा की,’’ दादा म्हणाला.

बाई हसल्या. ‘‘नवीनच दार बसवायचंय. तीन नोव्हेंबरला जागा आहे. आदल्या दिवशी दुपारी भरती व्हा.’’

‘‘पंधरा डिसेंबरनंतर येतो.’’

‘‘का बरं?’’

‘‘पंधरा डिसेंबरला माझ्या चाकाला शंभर दिवस होतात. तोवर मी त्याच्यापासून हलणार नाही. हे तुमच्या दाराचं काम काही पळून जात नाही.’’

बाईंनी त्याला कपडे घालायला आत पाठवलं आणि मला म्हणाल्या, ‘‘डिसेंबर फार लांब आहे, तीन तारखेची जागा मी राखून ठेवते. मी उगाच घाबरवत नाहीये. चालता-बोलता कोसळतात अशी माणसं. जिना नको, वजन उचलणं तर अजिबात नको. हे चाक काय प्रकरण आहे? दुसरं कुणी बघू शकत नाही का?’’

‘‘बघतो मी,’’ म्हटलं. याहून खरं उत्तर माझ्याकडे नव्हतं.


मंगळवार, १४ ऑक्टोबर

दादाला जी गोष्ट दवाखान्यापासून अडवते आहे ती मीच रोज पहाटे उकळून टाकीत ओततो.

ओतणं बंद केलं तर? चाक थांबेल आणि त्याला वाटेल वर्ष फुकट गेलं. वहिनी गेली तेव्हा तो आठ दिवस भिंतीकडे तोंड करून पडला होता. तसं पुन्हा झालं तर तो भरती होणार आहे का? आणि त्या मनाने ऑपरेशनला गेला तर परत येईल का? सांगितलं तरी तेच. वर मी महिनाभर फसवलं हेही कळेल.

आज ओतलं. थकलोय.


शुक्रवार, १७ ऑक्टोबर

पहाटे चारलाच गोदामातून फोन आला. एक कॉम्प्रेसर बंद पडला होता, लसींच्या खोलीतला काटा चढत होता. जाळीवर धुळीचा जाड थर बसला होता, ऊब बाहेर पडायला जागाच नाही. ब्रशने घासून, पाण्याने धुऊन तो चालू करेपर्यंत नऊ वाजले. तिथून धावत दादाकडे. वाटेत सगळे देव आठवले. आज चाक थांबलेलं त्याने पाहिलंच असणार.

साडेनऊ वाजता दार उघडलं तर घर शांत. दादा हनुवटीपर्यंत पांघरूण ओढून झोपलेला! मी चवड्यावर चालत मागे गेलो. चाक थांबलेलं, किटली भरलेली. ओतलं. ‘टक’ झालं तसा आतून खोकला आला आणि तो डोळे चोळत बाहेर आला.

‘‘आज डोळाच उघडला नाही बघ,’’ म्हणाला. ‘‘तुझा चेहरा का असा?’’

‘‘कॉम्प्रेसर बंद पडला होता.’’

‘‘चालू झाला?’’

‘‘झाला.’’

‘‘मग बस. दमलायस.’’ आज चहा त्यानेच केला.

त्याच्या कानाजवळ दाढीच्या साबणाचा फेस वाळलेला होता. कालचा राहिला असेल. म्हातारपणी असं होतं. एवढं मोठं संकट टळलं, देवाची कृपा.


शुक्रवार, २४ ऑक्टोबर

संध्याकाळी दादाकडे गेलो तर बाहेरच्या बाकावर तो नव्हता. मोरीत जमिनीवर बसला होता, पाठ भिंतीला, ओठ निळसर. शेजारी किटली कलंडलेली, निम्मं पाणी सांडलेलं.

‘‘काही नाही,’’ तो म्हणाला. मधे दोनदा श्वास घ्यावा लागला. ‘‘नळापासून शेगडीपर्यंत... नेहमी जमतं.’’

मी त्याला उचलून खाटेवर आणलं. वजन काहीच उरलेलं नाही. ज्याने मला सायकलवर ओढलं तो हा माणूस.

‘‘वजन उचलू नको म्हणून बाईंनी सांगितलं होतं ना? एवढं पाणी कशाला भरायचं रोज? तांब्याभर घ्यावं की!’’ मी ओरडलोच. दादावर मी आयुष्यात कधी ओरडलो नव्हतो.

‘‘लागतं,’’ एवढंच म्हणाला आणि डोळे मिटले.


शनिवार, २५ ऑक्टोबर

हिला कालचं सांगितलं. ही भांडी घासत होती, ती थांबली.

‘‘एकटा माणूस रोज पाच लिटरची किटली भरून शेगडीवर ठेवतो. कुणासाठी?’’

‘‘तहान लागते म्हणे.’’

‘‘तहान!’’ ही म्हणाली. ‘‘अहो, तुमच्यातला धाकटा भोळा की थोरला, हेच मला अजून कळेना. त्यांना सांगून टाका. आज सांगा. ते मोडून पडणार नाहीत.’’

‘‘तुला काय माहीत?’’

‘‘मी बाहेरून बघते ना. तुम्ही दोघं फारच जवळून बघताय.’’

हिचं म्हणणं मला नीट उमगलं नाही. पण आजपासून किटली मीच भरतो. दादाला म्हटलं, हात लावायचा नाही. तो म्हणाला, ‘‘बरं. तू येणारच आहेस सकाळी, तर तूच भर.’’


बुधवार, २९ ऑक्टोबर

तीन दिवस सांगायचा प्रयत्न केला. सोमवारी म्हटलं, ‘‘दादा, चाकाबद्दल एक सांगायचंय.’’ तो म्हणाला, ‘‘चहा निवतोय, आधी पी.’’ काल म्हटलं, ‘‘दादा, हे चाक...’’ तर म्हणाला, ‘‘आवाज ऐक. तेल घातलंय काल.’’ आज मी तोंड उघडायच्या आत म्हणाला, ‘‘उद्या सांग रे. उद्या येशीलच ना?’’

त्याला चाकाविरुद्ध एक शब्द ऐकवत नाही. इतका जीव अडकलाय त्यात.

पुस्तकातला शेवटचा नियम वाचला. कुठलीही वस्तू पुरती गार करता येत नाही. उणे दोनशे त्र्याहत्तर अंश ही गारव्याची तळाची पायरी, पण तिथे कुणालाच पोचता येत नाही. जितकं जवळ जावं तितकं पुढचं पाऊल अवघड. हे मला हाताने ठाऊक आहे. आमची सगळ्यात गार खोली उणे वीसवर असते, आत गेलं की नाकातले केस ताठ होतात, तरी तिथूनही यंत्र रात्रंदिवस ऊब उपसत असतं. म्हणजे ती असतेच. बर्फातही असते.

चांगलं वाटलं वाचून. पण याचा दादाला सांगण्यासाठी उपयोग काय? नियम तीन वाचून झाले, एकही शब्द बोलून झाला नाही. तीन तारखेला पाच दिवस उरले. खरं सांगायचं तर मी दादाच्या दुःखाला भीत नाही. मी खोटारडा आहे हे त्याला कळेल, याला भितो. पंधरा वर्षांचा असताना त्याने स्वतःची शाळा सोडली ती माझ्यासाठी, आणि मी त्याला कोमट पाण्याने खेळवतोय.


शनिवार, १ नोव्हेंबर

देवाकडे काही मागायचं नाही अशी माझी रीत आहे. दिलंय ते पुष्कळ आहे. आज मागितलं. म्हटलं, चाक तुझ्या नियमाने थांबणार आहे, मला मधे पडू देऊ नको. आणि उद्या जीभ दे.

उद्या शेगडी पेटवायची नाही. त्याने थांबलेलं चाक बघायचं आणि मी शेजारी बसलेलं असायचं. मग पळता येणार नाही.

ही म्हणाली, त्यांची पिशवी मी भरते. दोन लुंग्या, पंचा, चष्म्याचं घर. मी म्हटलं, आधी हो तर म्हणू दे. ही म्हणाली, म्हणतील.


रविवार, २ नोव्हेंबर

सहाला दादाकडे गेलो. चाक थांबलेलं होतं. टाकीची तोटी पूर्ण उघडली. मोरीपर्यंत पाणी जायला पाव तास लागला. मग स्टूल घेऊन चाकाशेजारी बसलो.

आत दादा खोकला. मी गप्प. थोड्या वेळाने पुन्हा खोकला. पुन्हा शांतता. तो चाकाच्या आवाजाची वाट बघत असल्यासारखा मला भास झाला, पण झोपेतला माणूस कसली वाट बघणार? चांगला अर्धा तास गेला. शेवटी त्याची पावलं आली. दारात उभा राहून त्याने चाकाकडे पाहिलं, रिकाम्या टाकीकडे पाहिलं, मग माझ्याकडे.

‘‘आज शेगडी पेटली नाही वाटतं,’’ तो म्हणाला.

त्याला शेगडीचं कसं सुचलं, हे विचारायलाही मला उसंत नव्हती. मी बोलतच सुटलो. नऊ सप्टेंबरपासून सगळं. किटली, तोटी, संध्याकाळी तो बाहेर बसलेला असताना ओतलेलं पाणी. डबक्याचं आणि पाणचक्कीचं सांगितलं. म्हटलं, दादा, तुझ्या कामात खोट नाही, तुझी टाकी दोन दिवस ऊब धरते, असा सुतार मी पाहिला नाही. पण खोलीतली ऊब चाकाला पुरी पडत नाही. उतार लागतो. तो मी रोज आणून घालत होतो. मी तुला फसवलं.

दादा हळूच माझ्या शेजारी बसला. माझं बोलणं त्याने शांतपणे ऐकलं. मला वाटलं होतं तो कोसळेल, नाहीतर चिडेल. तसं काही झालं नाही. मन किती मोठं असावं माणसाचं!

‘‘भाजलं होतं ना मनगट?’’ त्याने विचारलं.

‘‘थोडं.’’

‘‘बघू.’’ त्याने माझा हात उलटसुलट करून पाहिला. ‘‘शंभर दिवस पुरे होतील असं वाटलं होतं मला.’’

‘‘चाक तेवढं चालणारच नव्हतं, दादा.’’

‘‘चाकाचं नाही म्हणत,’’ तो म्हणाला आणि त्याने माझा हात हळूच खाली ठेवला. मग म्हणाला, ‘‘मला त्या ऑपरेशनची भीती वाटते, बारक्या. टेबलावर झोपवतात, छाती उघडतात. तुझी वहिनी तशीच आत गेली होती आणि आली ती झाकून. शंभर दिवस म्हटलं की कुणी पुढे विचारत नव्हतं.’’

हे त्याने मला आधी का नाही सांगितलं? मी रोज तर समोर बसत होतो.

‘‘मीही भितोय,’’ म्हटलं. ‘‘पण तू त्या दिवशी मोरीत बसला होतास ना, त्याला जास्त भितो.’’

‘‘किती पाणी सांडलं होतं रे तेव्हा.’’

‘‘पाण्याचं काय घेऊन बसलास? आज दुपारी भरती व्हायचंय. मी शेवटपर्यंत बरोबर आहे.’’

त्याने चाकाला हाताने जरासं ढकललं. ते पाव फेरी गेलं, मागे आलं आणि थांबलं.

‘‘आणि नंतर?’’ तो म्हणाला. ‘‘परत आलो तर? चाक तर आता नाही. सकाळी येशील का?’’

विचित्र प्रश्न. इतक्या मोठ्या ऑपरेशनच्या तोंडावर माणूस काय विचारतो! पण त्याने माझ्याकडे पाहिलं नाही, टाकीच्या कडेवर नख घासत राहिला. मी म्हटलं, ‘‘येईन की. रोज येईन. घर काय लांब आहे?’’

‘‘लांब नाही,’’ दादा म्हणाला. ‘‘कधीच नव्हतं. चल, अंघोळ करून घेतो. तुझ्या बायकोला सांग, पिशवीत माझी फूटपट्टी टाक. त्या बाईंना दाराचं माप नीट घेता येतंय का बघायला पाहिजे.’’

दुपारी बाराला त्याला घेऊन दवाखान्यात पोचलो. वॉर्डात खिडकीजवळची खाट मिळाली. परिचारिका संमतीचा कागद घेऊन आली. चार पानं होती, बारीक अक्षर. दादाने चष्मा लावला, शेवटचं पान उलटलं आणि मला विचारलं, ‘‘कुठे?’’ मी बोट ठेवून जागा दाखवली. त्याने सही केली. खाली साक्षीदार म्हणून मी केली, आणि कागद परत दिला.